एक कुलकर्णी, दोन कौफमान

कुलकर्णी या आडनावात अवघड असे काही आहे, हे पुणे सोडेपर्यंत माझ्या ध्यानातही आले नव्हते. तिकडे एका जिन्यावर तीन कुलकर्णी राहतात आणि टपालवाला तिघांची पत्रे एकाच्याच दारात टाकतो, एवढाच काय तो या आडनावाचा उपद्रव. नोकरीनिमित्त जर्मनीत, कार्ल्सरूहला आलो आणि पहिल्याच आठवड्यात फोनवर आडनाव सांगितल्यावर पलीकडे पसरलेली शांतता ऐकली. कोणी वारल्याची बातमी कळल्यावर पसरते तशी ती शांतता होती. मग अत्यंत सौजन्याने विचारणा झाली, "जरा अक्षरे सांगता का?"

अक्षरे सांगण्याची इथली रीत निराळी आहे. नुसते के, यू, एल म्हटलेले चालत नाही. प्रत्येक अक्षराला एक ठरलेले नाव आहे आणि ते उच्चारावे लागते. त्यामुळे स्वतःचे आडनाव कळवण्यासाठी मला दरवेळी कौफमान, उलरिख, लुडविग, पुन्हा कौफमान, आंटोन, रिखार्ड, नॉर्डपोल आणि ईडा एवढी मंडळी गोळा करावी लागतात. लहानपणी रामरक्षा पाठ केली होती, तशी ही माळ मी पाठ केली. फरक इतकाच, की रामरक्षा अडखळत म्हटली तरी आजी समजून घेत असे.

फोनवर वाट पाहायला लावणारे संगीत वाजत असताना माणसाला वेळ फार असतो. त्या वेळात मी या मंडळींची कुळे शोधू लागलो. कौफमान म्हणजे व्यापारी, हे सरळ होते. पण उलरिख पाहिला आणि मी चकित झालो. या जुन्या जर्मन नावाच्या पहिल्या पदाचा अर्थ वडिलोपार्जित वतन आणि दुसऱ्याचा सत्ताधीश. म्हणजे उलरिख हा उघडउघड वतनदार. आमचे कुलकर्णीपणाचे वतन मुंबई राज्याच्या १९५० च्या कायद्याने गेले, उलरिखचे मात्र त्याच्या नावात सुखरूप आहे. लुडविगमध्ये कीर्ती आणि लढाई आहे, रिखार्डमध्ये सत्ता आणि कणखरपणा. गावच्या जमाखर्चाचे दप्तर काखोटीला मारून हिंडणाऱ्या माझ्या पूर्वजांच्या आडनावात एवढे शस्त्रधारी लोक दडले आहेत, हे त्यांना कळते, तर त्यांनी पाटलासमोर आवाज थोडा चढवला असता.

ही जुनी नावे बहुधा दोन पदे जोडून बनत, आणि जोडणी करताना एकत्रित अर्थ लागलाच पाहिजे असा कोणाचा आग्रह नसे. आमच्या वरच्या मजल्यावरील आजींचे नाव हेडविग आहे. त्यातील पहिल्या पदाचा अर्थ लढाई, आणि दुसऱ्या पदाचाही लढाईच. मला ही द्विरुक्ती अनावश्यक वाटली होती. परंतु एका रविवारी दुपारी, म्हणजे जर्मन माणसाला शांतता अत्यंत पवित्र असते अशा वेळी, मी भिंतीत खिळा ठोकला आणि दोन्ही पदांची गरज मला पटली.

आडनावांचा मामला मात्र आपल्या ओळखीचा निघाला. आमच्या इमारतीच्या दाराशी घंट्यांच्या शेजारी जी आडनावे लावली आहेत, ती वाचताना बलुतेदारांची यादी वाचल्यासारखे वाटते. श्मिट हे लोहार, श्नायडर हे शिंपी, आणि समोरच्या दारातले शुल्थाईस हे, आडनावाप्रमाणे पाहिले तर, लोकांना देणी चुकती करायला फर्मावणारे गावचे मुखिया, म्हणजे पाटीलच. (उत्तरेकडे याच आडनावाचे आखडून शुल्त्स झाले.) पाटलाच्या समोर कुलकर्णी राहायला आला, हा योगायोग मी त्यांना समजावून सांगितला, तेव्हा त्यांनी कचऱ्याचे डबे बाहेर ठेवण्याची पाळी माझी असल्याची आठवण करून दिली. या देशातील सर्वांत प्रचलित आडनाव म्युलर. म्युलर म्हणजे चक्कीवाला. वेदांच्या अभ्यासाने आपल्याकडे गाजलेल्या माक्स म्युलरने ऋग्वेदाच्या आवृत्तीवर स्वतःला 'मोक्षमूलरभट्ट' म्हणवून घेतले. पिठाच्या गिरणीतून थेट मोक्षाच्या मुळाशी जाणारा एवढा जवळचा रस्ता दुसऱ्या कोणाला सापडल्याचे मला माहीत नाही.

माझ्या माळेत खटकत होता तो नॉर्डपोल. इतकी माणसे बसली असताना मधेच उत्तर ध्रुव कशाला? १९०३ साली बर्लिनच्या टेलिफोन-पुस्तकात हा तक्ता आला, तेव्हा त्या जागी नाथान होता. नाथान हे हिब्रू नाव. अर्थ 'त्याने दिला', म्हणजे आपला दत्ताच. १९३३ मध्ये रोस्टॉकच्या एका ग्राहकाने टपाल खात्याला लिहिले, की तक्त्यातील ज्यू नावे आता शोभत नाहीत, आणि १९३४ मध्ये नाथान, डाविड, याकोब यांना काढून टाकण्यात आले. युद्धानंतर काही नावे परत आली. नाथान आला नाही. हे कळल्यापासून मी आग्रहाने 'नाथान' म्हणू लागलो आणि माझे पत्ते चुकण्याचे प्रमाण दुप्पट झाले.

शेवटी २०२२ साली मानके ठरवणाऱ्या संस्थेने व्यवहारासाठी शहरांच्या नावांचा नवा तक्ता काढला. त्यात माझ्या आरला नेमके रोस्टॉक मिळाले आणि एनला न्युर्नबर्ग. यावर भाष्य करण्याचे मी टाळतो. घरी इंटरनेट घ्यायचे ठरले तेव्हा मी नवे धोरण स्वीकारून फोनवर म्हणालो, "क्योल्न, उन्ना, लाइप्त्सिश, क्योल्न, आखेन, रोस्टॉक, न्युर्नबर्ग, इंगेलहाइम." पलीकडच्या गृहस्थांनी शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले, "यांपैकी जोडणी नक्की कोणत्या शहरात हवी?"

मी ओशाळून जुन्या माळेवर आलो. त्यांनी ती तत्परतेने उतरवून घेतली, आणि आठवड्याने पत्र आले ते 'श्री. उलरिख लुडविग कौफमान' यांच्या नावे. ठरल्या दिवशी जोडणी करणारा माणूस आला, दाराशी कौफमान नावाची घंटी शोधली, ती न सापडल्याने 'या नावाचे कोणी येथे राहत नाही' अशी चिठ्ठी अडकवून निघून गेला. मी पाचव्या मजल्यावर खिडकीशी सकाळी ८ पासून बसलो होतो.

नाव दुरुस्त करून घ्यायचे, तर पुन्हा अक्षरे सांगावी लागणार होती. म्हणून मी कुलकर्णीच्या खाली कागदाची पट्टी चिकटवून 'कौफमान' असे लिहिले. त्याच संध्याकाळी शुल्थाईस यांनी जिन्यात माझा हात हातात घेऊन लग्नाबद्दल मनःपूर्वक अभिनंदन केले आणि वधू कधी राहायला येणार, असे विचारले. मी खुलासा करायला लागेपर्यंत हेडविग आजी केक घेऊन जिना उतरत होत्या.

पुढच्या गुरुवारी घंटी वाजली. दारातल्या तरुणाने कागद पुढे केला. "कौफमान आपणच ना?" मी मान डोलावली. त्याने पेन उघडले आणि म्हणाला, "छान. फक्त एक सांगा, आपण एका एफचे की दोन एफचे?"