स्केलर म्हणजे अदिश; ते गळ्यात बांधता येत नाही

गेल्या रविवारी कसबा बावड्याला आक्काकडं जेवायला गेले होते. जेवणं झाली, आणि ती आता बीपीची गोळी घेईल म्हणून मी पाण्याचा तांब्या तिच्यापुढं सरकवला. "नको, आता लागत न्हाई," म्हणाली. मग पदराआडून साखळी बाहेर काढून दाखवली. काळसर, जुन्या रुपयापेक्षा थोडं मोठं गोल पेंडंट, कडेनं स्टीलची पट्टी. "स्केलर एनर्जीचं हाय. भिशीतल्या सगळ्यांनी घेतलंय." किंमत साडेचार हजार. आणि तीन आठवडे गोळी बंद.

याबद्दलचा मेसेज मला याआधी चार वेळा आला होता. मी अकरावी-बारावीला भौतिकशास्त्र शिकवते, बावीस वर्षं झाली. असले मेसेज मी वाचत नाही, उत्तर तर देतच नाही. तिथं चुकले. आज उत्तर देते.

मेसेज थोडक्यात असा: स्केलर एनर्जी ही विश्वाची मूळ ऊर्जा, ती निकोला टेस्लानं शोधली, औषध कंपन्यांनी दाबून ठेवली. जपानमधल्या ज्वालामुखीच्या लाव्ह्यापासून केलेल्या या पेंडंटमध्ये ती साठवलेली असते. ते घातलं की शरीराला निगेटिव्ह आयन मिळतात, तोल सुधारतो, मोबाईलचं रेडिएशन अडतं. त्यावर दहा मिनिटं ग्लास ठेवला की पाण्याची 'रचना' बदलते. आणि शुगर, बीपी, सांधेदुखी मुळापासून जाते. शेवटी, जास्तीत जास्त लोकांपर्यंत पोहोचवा.

आधी शब्दाचं बघू, कारण सगळा डोलारा त्या शब्दावर उभा आहे.

स्केलरला मराठीत अदिश म्हणतात. नववीच्या विज्ञानाच्या पुस्तकात हा शब्द आहे. रंकाळ्याला एक पूर्ण फेरी मारा आणि निघालात तिथंच परत या. चाललेलं अंतर काही किलोमीटर, पण विस्थापन शून्य. अंतर सांगायला नुसता आकडा पुरतो, म्हणून ती अदिश राशी. विस्थापनाला आकड्याबरोबर दिशाही लागते, म्हणून ती सदिश. संपलं. यात गूढ काही नाही. आजच्या अर्थानं स्केलर हा शब्द आयर्लंडच्या विल्यम रोवन हॅमिल्टननं १८४०च्या दशकात गणितात आणला, आणि तो फक्त राशींची वर्गवारी करतो.

आता ऊर्जा. ऊर्जा ही अदिशच असते. सगळी. गुऱ्हाळाच्या चुलवाणातली, उसाच्या रसातली, केएमटीच्या धावत्या बसची. 'उत्तरेकडं पाच ज्यूल' असं कुणी म्हणत नाही. मग 'स्केलर एनर्जी' नावाची वेगळी, खास, दुर्मीळ ऊर्जा कशी असेल? उद्या मार्केट यार्डात एखाद्यानं 'किलोनं मोजायचा गूळ' असा फलक लावून दुप्पट दर सांगितला, तर आपण त्याला विचारू ना की बाबा, बाकीचा गूळ कशानं मोजतात? हा प्रश्न पेंडंटवाल्यांना कुणी विचारत नाही, कारण शब्द इंग्रजी आहे आणि विज्ञानाचा वाटतो. दोन खरे शब्द शेजारी ठेवून एक खोटा शब्द तयार केला आहे. खोटेपणा पकडायला म्हणूनच अवघड जातो, दोन्ही शब्द शब्दकोशात सापडतात.

हे मी लिहून पाठवल्यावर ज्या काकूंनी आक्काला पेंडंट विकलं त्यांचं उत्तर आलं की 'स्केलर फील्ड' असतं, इंटरनेटवर आहे. असतं. मान्य. खोलीतल्या प्रत्येक बिंदूचं तापमान मांडलं की ते झालं अदिश क्षेत्र. मूलकणांना वस्तुमान देणारं हिग्ज क्षेत्रही अदिश आहे, आणि त्याचा कण २०१२ मध्ये सापडला तो जिनिव्हाजवळच्या २७ किलोमीटर परिघाच्या यंत्रात. त्या संशोधनाचा आणि भिशीत विकल्या जाणाऱ्या लॉकेटचा संबंध नाव सारखं असण्याएवढाच.

टेस्लाचं नाव तर उगाच ओढलंय. त्याचं काम म्हणजे प्रत्यावर्ती प्रवाह (एसी वीज) आणि इंडक्शन मोटर. उद्यमनगरातले लेथ आणि शेतातल्या विहिरीवरचे पंप आजही त्याच्यावर चालतात. हे काम कुणी दाबलं नाही, उलट घराघरात पोचलं. लाव्ह्याबद्दल एवढंच सांगते: आपला जोतिबाचा डोंगर लाव्ह्याचा आहे, अंबाबाईच्या देवळाचा काळा दगडही लाव्ह्याचाच. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी सांडलेल्या लाव्ह्यावर आपण पिढ्यान् पिढ्या राहतोय, आणि तरी इथल्या दवाखान्यांत बीपीच्या पेशंटची रांग असतेच.

आता हाताच्या चाचणीचं. लोकांना पटतं ते याच्यामुळं, मेसेजमुळं नव्हे. काकू संध्याकाळी स्वतः आल्या आणि त्यांनी ती माझ्यावरच करून दाखवली. एका पायावर उभं राहायचं, हात आडवा धरायचा, त्या वरून दाबणार. पेंडंट नसताना मी कलंडले. पेंडंट घातल्यावर हललेसुद्धा नाही. आक्का टाळ्या वाजवायच्या बेतात होती. पण मी त्यांच्या बोटांकडं बघत होते. पहिल्यांदा दाब मनगटाच्या पुढं होता आणि किंचित बाहेरच्या बाजूला. दुसऱ्यांदा तीच बोटं कोपराकडं चार बोटं सरकली होती आणि दाब आत, शरीराकडं होता. बळ तेवढंच असलं तरी ते खांद्यापासून जितकं लांब लावाल तितका त्याचा परिणाम जास्त. दाराची कडी बिजागरीजवळ कुणी लावत नाही, त्याचं कारण हेच. शिवाय दुसऱ्यांदा दाब कुठून येणार हे आपल्याला ठाऊक असतं, शरीर आधीच तयार राहतं.

काकू फसवत नव्हत्या, हे मला लिहिलंच पाहिजे. आपली बोटं सरकतात हे त्यांनाही माहीत नव्हतं. म्हणून मी आक्काच्या नातवाला दोन सारखे कापडी बटवे दिले. एकात पेंडंट, दुसऱ्यात सुपारी. त्यानं आतल्या खोलीत जाऊन ते भरायचे, कुणाला सांगायचं नाही, आणि प्रत्येक वेळी त्यातला एक माझ्या हातात द्यायचा. काकूंनी हात दाबून ओळखायचं. दहा वेळा केलं. चार वेळा बरोबर आलं. नाणं उडवलं असतं तरी साधारण तेवढंच आलं असतं. सहाव्या वेळेपासूनच काकू गप्प झाल्या होत्या.

पण या सगळ्यात सगळ्यात वाईट मुद्दा निगेटिव्ह आयनचा आहे. बाकीचं पैसे बुडवतं, हे अंगावर येऊ शकतं.

आयन म्हणजे इलेक्ट्रॉन कमी किंवा जास्त झालेला अणू अथवा रेणू. निगेटिव्ह आयन ही थाप नाही, तेवढं मला कबूल करावं लागतं. धबधब्याच्या तुषारांजवळ हवेत ते जास्त असतात, हे फिलिप लेनार्ड यांनी १८९२ मध्येच दाखवलं. पावसाळ्यात राधानगरीकडं राऊतवाडीच्या धबधब्याखाली उभं राहिलं की बरं वाटतं हेही खरं, पण तिथं गार हवा असते, माणसं असतात आणि सुट्टी असते. त्यानं रोग बरे होत नाहीत.

प्रश्न असा आहे: हवेतल्या रेणूचा इलेक्ट्रॉन काढायला ऊर्जा खर्चावी लागते. धबधब्यात ती पडणाऱ्या पाण्याची असते. घरातल्या आयनायझर मशिनला वायर असते. गळ्यात लटकणाऱ्या दगडाला ना वायर ना बॅटरी. तो वर्षानुवर्षं रात्रंदिवस आयन तयार करत असेल तर ती ऊर्जा कुठून येते? सतत असं करणारा एकच रस्ता आहे: त्या दगडात किरणोत्सारी मूलद्रव्य असणं. थोरियम, युरेनियम. केरळच्या किनाऱ्यावरच्या वाळूत मोनाझाइट नावाचं खनिज असतं, त्यात थोरियम असतं. असली खनिजं दळून सिरॅमिकमध्ये मिसळली की झाला 'आयन देणारा' दगड. थोरियमचा अर्धायुकाल, म्हणजे त्यातलं निम्मं संपायला लागणारा काळ, सुमारे १,४०० कोटी वर्षं आहे, त्यामुळं 'पेंडंट कधीच संपत नाही' हा विक्रेत्यांचा दावा अशा वेळी भयंकर अर्थानं खरा ठरतो.

ही नुसती माझी शंका नाही. नेदरलँड्सच्या अणुसुरक्षा प्राधिकरणानं, एएनव्हीएसनं, डिसेंबर २०२१ मध्ये दहा वस्तूंची यादी जाहीर केली. 'फाइव्ह-जीपासून संरक्षण' किंवा 'ऊर्जा' देणारी पेंडंट, कडी, झोपताना डोळ्यांवर लावायचा मास्क, आणि त्यात लहान मुलांचं ब्रेसलेटही. या सगळ्या वस्तूंमध्ये किरणोत्सारी पदार्थ होते आणि त्या सतत आयनीकारक, म्हणजे अणू-रेणूंतले इलेक्ट्रॉन उडवणारी, प्रारणं सोडत होत्या. प्राधिकरणानं अतिशयोक्ती केलेली नाही: मोजलेली पातळी कमी आहे, पण कुणी वर्षभर चोवीस तास घालून राहिलं तर त्वचेसाठीची तिथली मर्यादा ओलांडली जाऊ शकते, असं त्यांनी सांगितलं. विक्री थांबवायला सांगितली, आणि ज्यांच्याकडं आहे त्यांनी घालू नये, सुरक्षित बाजूला ठेवावं, परत कसं करायचं ते कळेपर्यंत थांबावं, असं कळवलं. आता आपल्या मेसेजमध्ये आणखी काय लिहिलंय ते बघा: 'अंघोळीला, झोपतानाही काढू नका.'

बाजारातलं प्रत्येक पेंडंट किरणोत्सारी असतं असं मी म्हणत नाही. पुष्कळ नुसत्या भाजलेल्या मातीची असतात, ती निरुपद्रवी आणि निरुपयोगी. पण डोळ्यांनी बघून फरक कळत नाही. विक्रीच्या साखळीत काकूंच्या वर जो माणूस आहे त्याच्याकडं आयन मोजायचं एक छोटं मशिन आहे, ते पेंडंटजवळ धरलं की आकडा वर जातो, आणि हॉलमध्ये बसलेल्या बायका खूश होतात. तो आकडा खोटा असेल तर माल खोटा. खरा असेल तर तुमच्या छातीवर किरणोत्सारी दगड आहे. तिसरा पर्याय मला तरी दिसत नाही.

मोबाईलचं रेडिएशन अडवण्याबद्दल दोनच गोष्टी. ते अडलं असतं तर फोनची रेंज गेली असती, ती जात नाही. आणि मोबाईलच्या लहरी आयनीकारक नसतात, थोरियमची प्रारणं असतात, म्हणजे भीती कशाची घालायची आणि बांधायचं काय, सगळंच उलटं. पाण्याच्या 'रचने'बद्दल: द्रव पाण्यात रेणूंमधले बंध सेकंदाच्या अब्जांशापेक्षाही कमी काळात तुटतात आणि नव्यानं जुळतात. ग्लास उचलून ओठापर्यंत नेईतो कुठलीही रचना टिकत नाही. चव बदलल्याचं वाटतं, कारण बदलणार असं आधी सांगितलेलं असतं.

आणि गोळ्या. सोमवारी सकाळी मी आक्काला घेऊन तिच्या डॉक्टरांकडं गेले. बीपी १७८-१०४. डॉक्टर तिला रागावले नाहीत, फक्त पट्टा सोडताना म्हणाले, "आक्का, डोकं दुखलं न्हाई म्हणजे बीपी न्हाई, असं नसतंय." वाढलेला रक्तदाब बहुतेकदा काहीच जाणवू देत नाही. पेंडंट घातल्यावर 'बरं वाटतंय' हे वाक्य म्हणूनच धोक्याचं आहे. गोळी बंद केल्यावरही बरंच वाटतं, पक्षाघाताचा झटका येईपर्यंत.

आपल्याकडं १९५४ चा कायदा आहे, औषधं आणि जादुई उपायांच्या आक्षेपार्ह जाहिरातींचा. त्यातल्या जादुई उपायांच्या व्याख्येत ताईत, मंत्र, कवच स्पष्ट लिहिलेत, आणि ज्या आजारांवर अशी जाहिरात करायला बंदी आहे त्या यादीत मधुमेह आणि रक्तदाब दोन्ही आहेत. ताइताला 'स्केलर' म्हटलं म्हणून तो ताईत राहायचा थांबत नाही. आणि 'खाली दोन माणसं जोडा, कमिशन मिळेल' या साखळीबद्दल: २०२१ च्या थेट विक्रीच्या नियमांनी पिरॅमिड योजनांना मनाई केली आहे. आक्कानं जोडलेल्या दोघींपैकी एक आमची धाकटी वहिनी, आणि तिला थायरॉइड आहे. तिला मी काल फोन केला. तिची गोळी चालू आहे, देवाची कृपा.

डॉक्टरांकडून परत येताना रिक्षात आक्का बराच वेळ बोलली नाही. मग म्हणाली, "मग हे टाकू कुठं? पंचगंगेत सोडू?"

नदीत नाही, घंटागाडीतही नाही, म्हटलं. घरी आल्यावर तिनं ते साखळीसकट काढलं, लोणच्याच्या रिकाम्या स्टीलच्या डब्यात ठेवलं, झाकण घट्ट लावलं. डबा माळ्यावर, लहान मुलांचा हात पोचणार नाही असा मागं सरकवला. वर चिठ्ठी चिकटवली, तिच्याच अक्षरात: 'उघडू नये. घालू नये.' मग तांब्या घेऊन बसली आणि गोळी घेतली.