भादरलेला मेव्हणा आणि टीव्हीवरचं पौराणिक

टीव्हीवरच्या कॉमेडी शोमधे पौराणिक स्किट लागलं की मी पयले दोन मिनिटं पाहतो, अन राजाच्या हातात मोबाईल आला की चॅनल बदलतो. नारद व्हॉट्सॅपवर, यमराज बुलेटवर, द्रौपदी सेल्फी काढते, अरे किती वेळा तेच बाप्पा! राजाच्या जागी तलाठी बसवला तरी ते स्किट तसंच चालन.

भावना दुखावल्याचा मुद्दा नाही माझा, ते काम करणारे वेगळे आहेत. देवाची मस्करी आपल्याकडे जुनीच. तमाशाच्या गवळणीत मावशी खुद्द कृष्णाला धारेवर धरते, नाथांच्या भारुडातली सून सासरच्यांचा काटा निघावा म्हणून भवानीला रोडगा कबूल करते. पण तिथं हसू गोष्टीतूनच निघते ना.

आता आमच्या तिवसा तालुक्यातलं कौंडण्यपूर घ्या. रुक्मिणीचं माहेर, म्हणजे कृष्ण आमचा जावई. भागवतातच काय मसाला आहे पाहा: रुक्मी बापाचं न ऐकता बहिणीचं लग्न शिशुपालाशी जमवते, नवरदेव दारात, अन पोरगी कृष्णाच्या रथात बसून पसार! हा भाऊ सगळ्यायसमोर शपथ घेते की बहिणीला वापस आणल्याशिवाय गावात पाय ठेवणार नाही, अन जाऊन हरते. बहीण मधे पडली म्हणून जीव वाचते, पण कृष्ण त्याला कपड्यानं बांधून तलवारीनंच त्याचं डोकं-मिशी वाकडंतिकडं भादरते. मग बलराम येते, सोयऱ्याची अशी हजामत करतेत काय म्हणून लहान भावालाच झापते, अन त्या रडणाऱ्या नव्या नवरीला तिथंच रणात उभं ठेवून ब्रह्मज्ञान सांगते! इकडे रुक्मी शपथेपायी घरी जाऊ शकत नाही म्हणून वेगळं गावच वसवते, भोजकट. आमच्याकडं भातकुलीलाच भोजकट म्हणतात. लग्नात रुसून वेगळी चूल मांडणारा असा सोयरा कोणत्या खानदानात नाही सांगा, याच्यात मोबाईल कायले पाहिजे?

अन भाषेचं तर बोलूच नका. राजा पुणेरी बोलते, द्वारपाल वऱ्हाडी. भारत गणेशपुरेंनी ‘चला हवा येऊ द्या’मधे वऱ्हाडी ठसक्यात बोलून दाखवली, लोकायनं डोक्यावर घेतली, तरी बाकीच्या स्किटमधे आपली बोली अजून येड्याच्याच तोंडी. अरे रुक्मिणीचा बाप, विदर्भाचा राजा भीमक वऱ्हाडी नाही बोलणार तर कोण बोलन? पुस्तकी मराठी द्या शिशुपालाला, तसाही तो बाहेरगावचाच नवरदेव.