उभारी आणि पाच हजार क्रमांकाचा मार

हिंगणघाट तालुक्यातील आमच्या गावी मे महिन्यातल्या दुपारी कुत्रेही सावली सोडत नाही. अशा वेळी मी अंगणात, उभ्या केलेल्या खाटेवर ताणलेल्या हिरव्या लुगड्यासमोर, बंडीची उभारी, म्हणजे बैलगाडीच्या कडेचा उभा दांडा, उगारून उभा होतो. सुट्टीत नागपूरहून आलेला भाचा माझे फोटो काढत होता.

त्याला मला ‘मुगेन’मध्ये घालायचे होते. एलेकबाइट या गटाने १९९९ साली आणलेले हे संगणकावरच्या मारामारीच्या खेळाचे इंजिन, म्हणजे खेळ चालवणारा सांगाडा, हा रिकामा आखाडा आहे. पहिलवान ज्याचे त्याने घडवून आणायचे. त्यामुळे तिथे कार्टूनमधला होमर सिम्पसन जपानी खेळातल्या र्‍यूला खुशाल बुकलतो.

दोन ठोसे आणि एक लाथ दिली की सुटलो, असा माझा समज होता. पण तिथे प्रत्येक हालचालीला ठरलेला क्रमांक असतो आणि तिचे फोटो त्या क्रमांकाखाली घालायचे असतात. उभे राहणे क्रमांक ०, चालणे २०, उडी ४०, इथवर ठीक चालले. मात्र ५००० पासून पुढे सगळे मार खाण्याचेच खाते निघाले. तोंडावर बसलेला, पोटात बसलेला, हवेत उडालेला, चक्कर आलेला म्हणजे ५३००, मरून पडलेला म्हणजे ५१५०! आपले डाव कितीही कमी असले तरी चालते. पण समोर कुठला पहिलवान येईल याचा नेम नसल्याने त्याचा मार खाण्याची तयारी प्रत्येकाला पूर्ण ठेवावी लागते.

“मामा, तुम्ही मेले आता, हलू नका,” भाचा म्हणाला. चौथ्यांदा धुळीत आडवा झालो तेव्हा शेजारच्या काकूंनी कुंपणावरून विचारले, “काऊन व बाई, भाऊले फिट आली काय?”

“नाही वो,” आमच्या सौभाग्यवती म्हणाल्या, “गेमसाठी मरून रायले.”

रात्री संगणकावर पाहतो तो माझे मुंडके धडापासून वीतभर वर तरंगत होते. तिथल्या २५६ रंगांपैकी पहिला रंग पारदर्शक असतो, आणि भाच्याने त्या जागी बसवलेल्या हिरव्या रंगाबरोबर माझ्या गळ्यातला पोपटी दुपट्टाही अंतर्धान पावला होता.

तो दुरुस्त झाल्यावर फोटोंवर आखायच्या चौकटींची पाळी आली. निळ्या चौकटीत मार बसतो, तांबडीने मार देता येतो. भाच्याने निळी चौकट माझ्या पोटासकट, धोतराच्या सोग्यापर्यंत ऐसपैस आखली आणि उभारीला तांबडी लावायला मात्र विसरला. परिणामी माझी उभारी खेळासोबतच येणाऱ्या कुंगफू मॅनच्या अंगातून वाऱ्यासारखी आरपार जाई, आणि त्याची लाथ सोग्याला लागली तरी मी कोलमडे. माझ्या १००० प्राणांचा निकाल लागेपर्यंत त्याचा एकही कमी झाला नव्हता.

“जिंकल्यावरचा फोटो तर काढलाच नाही आपण,” मी म्हणालो.

“लागला तर काढू, मामा,” भाचा म्हणाला.