घराचे कागद 30 दिवसांत, पुढे रोज 5,000 रुपये

गृहकर्ज पूर्ण फिटलं की बँकेनं मूळ कागद 30 दिवसांत परत द्यायचे आणि घरावर नोंदवलेला बोजाही (तारणाचा हक्क) उतरवायचा. रिझर्व्ह बँकेनं 13 सप्टेंबर 2023 च्या परिपत्रकानं आणलेला हा नियम 1 डिसेंबर 2023 पासून लागू आहे. उशीर बँकेमुळे झाला तर दिवसाला 5,000 रुपये भरपाई. 20 दिवस उशीर म्हणजे 1 लाख. आपल्या पुण्यात नागरी सहकारी बँकांची कर्जं पुष्कळ. हा नियम त्यांनाही आहे, हाउसिंग फायनान्स कंपन्यांनाही आहे. पतसंस्थांना मात्र नाही, तिथली तक्रार सहकार खात्याच्या उपनिबंधकांकडे जाते.

इतका चांगला नियम असूनही भरपाई मागताना लोक अडतात, कारण 30 दिवस कोणत्या तारखेपासून धरायचे याचा लेखी पुरावाच त्यांच्याकडे नसतो. माझ्या मते सगळा जोर त्या एका तारखेवर द्यायला हवा.

फोरक्लोजर स्टेटमेंट, म्हणजे कर्ज बंद करायला किती भरायचं ते सांगणारं बँकेचं पत्रक, घ्याल तेव्हा त्यावरची तारीख बघा. रक्कम त्याच दिवसापुरती असते. 4 लाख बाकी आणि 8.5 टक्के व्याज असेल तर रोजचं व्याज साधारण 93 रुपये. तीन दिवस उशिरा भरलंत की 280 रुपये खात्यात उरतात, आणि तेवढ्यावर खातं चालूच राहतं. टॉप-अप (त्याच घरावरचं वाढीव कर्ज) किंवा विम्याच्या हप्त्यासाठी दिलेलं छोटं कर्ज वेगळ्या खात्यात असतं, तेही विचारून बंद करा. फ्लोटिंग (बदलत्या) दराच्या वैयक्तिक गृहकर्जाला मुदतपूर्व फेडीचा दंड नाही. पैसे भरल्यावर शून्य बाकीचा खातेउतारा घ्या आणि 'कर्ज अमुक तारखेला पूर्ण फिटलं, कागद परत करावेत' असं पत्र शाखेत देऊन पोच घ्या. शिक्का आणि तारखेसह. नुसतं तोंडी सांगून चालत नाही. पुढचा हप्ता कापला जाऊ नये म्हणून नॅचचा (खात्यातून हप्ता आपोआप कापण्याचा) आदेशही त्याच दिवशी रद्द करायला द्या.

कागद घेताना कर्जाच्या वेळची यादी समोर ठेवा: मूळ करारनामा, नोंदणीची पावती, सूची क्रमांक 2 (इंडेक्स टू, नोंदणी झालेल्या दस्ताचा गोषवारा), बिल्डरच्या पावत्या, ताबापत्र, सोसायटीचा भाग दाखला (शेअर सर्टिफिकेट). सही करण्याआधी एकेक पान मोजा. बँकेच्या एनओसीत (ना हरकत दाखल्यात) कर्ज क्रमांक, सर्व कर्जदारांची नावं, फ्लॅट आणि इमारत, सर्व्हे किंवा सिटी सर्व्हे नंबर, कर्ज बंद झाल्याची तारीख आणि 'बोजा मुक्त केला' हे शब्द हवेतच. फ्लॅट नंबर चुकलेली एनओसी विक्रीच्या वेळी खरेदीदाराचा वकील परत पाठवतो.

आता बोजा. सेरसाईच्या, म्हणजे तारण मिळकतींच्या केंद्रीय नोंदणीतली नोंद बँकच काढू शकते. झाली की नाही हे तुम्ही स्वतः त्यांच्या संकेतस्थळावर 10 रुपये आणि जीएसटी भरून पाहू शकता. मिळकतीवरून शोधा आणि कर्जदाराच्या नावावरूनही, कारण पत्ता वेगळा लिहिला असेल तर एका शोधात नोंद दिसत नाही.

दुय्यम निबंधकाकडची बाजू कर्ज कसं घेतलं त्यावर ठरते. त्यांच्या हवेली तालुक्याच्या कार्यालयात नोंदणीकृत गहाणखत केलं असेल तर मुक्तीचा दस्तही नोंदवावा लागतो, आणि त्यासाठी बँकेचा अधिकृत अधिकारी सहीला हवा. बहुतेक फ्लॅटधारक मात्र फक्त कागद जमा करून कर्ज घेतात आणि नोटीस ऑफ इंटिमेशन (त्या कर्जाची सूचना) दुय्यम निबंधकाकडे दाखल होते. मिळकतीच्या जुन्या नोंदींचा सर्च घेतला की ती नोटीस पुढेही दिसते. म्हणून मूळ एनओसी घर विकेपर्यंत जपायची, लॅमिनेट न करता.

बंगला, रो-हाउस किंवा प्लॉट असेल तर सातबाराच्या इतर हक्कात बोजा असतो. धायरी, सूस, वाघोलीकडे हे नेहमीचं. महसूल खात्याच्या ई-हक्क या ऑनलाइन प्रणालीवर 'बोजा कमी करणे' हा अर्ज एनओसी जोडून करता येतो. फेरफार धरला जातो, नोटिशीचे 15 दिवस जातात, मग मंडळ अधिकारी तो मंजूर करतात. त्यानंतरच नवा उतारा काढा. पेठांमध्ये हीच नोंद मिळकत पत्रिकेवर असते, तिथे नगर भूमापन कार्यालय. सोसायटीच्या रजिस्टरमधली बँकेची नोंदही अर्ज देऊन काढून घ्या, आणि जीवन विमा बँकेच्या नावे केलेला असेल तर तो परत आपल्या नावावर करून घ्या.

बँकेनं 30 दिवस पाळले नाहीत तर उशिराचं कारण तिनं तुम्हाला कळवायचं असतं. आधी बँकेकडे लेखी तक्रार, 30 दिवसांत समाधान झालं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालांकडे ऑनलाइन. त्याला फी नाही. हाउसिंग फायनान्स कंपनीसाठी नॅशनल हाउसिंग बँक.

कागद बँकेकडूनच गहाळ झाले असतील तर प्रमाणित प्रती मिळवायला मदत करणं आणि त्याचा खर्च उचलणं बँकेवर आहे. तिला आणखी 30 दिवस मिळतात, भरपाई 60 दिवसांनंतर सुरू होते. अशा वेळी प्रतींवर थांबू नका. मूळ दस्त बँकेच्या ताब्यात असताना हरवला असं लेटरहेडवर लिहून घ्या, कारण पुढे खरेदीदाराचा वकील मूळ दस्ताबद्दल पहिला प्रश्न तोच विचारणार.