ऋणको वारला म्हणून हुकूमनामा संपत नाही: तीन आक्षेपांना उत्तर

नमस्कार. पैशांच्या हुकूमनाम्याच्या, म्हणजे कर्जदाराने (ऋणकोने) पैसे द्यावेत या कोर्टाच्या निर्णयाच्या, वसुलीवरच्या माझ्या लेखावर तुम्ही तीन आक्षेप घेतलेत: वारस ९० दिवसांत नोंदवले नाहीत तर सगळं बुडतं हे लेखात नाही, ‘वारसांकडून वसूल करा’ म्हणजे मुलांच्या पगारावर टाच आणा असाच अर्थ होतो, आणि गोव्यात इन्व्हेंटरी (मृताची मालमत्ता आणि देणी यांची यादी करून वाटणी करण्याची कोर्टातली प्रक्रिया) झाल्याशिवाय वसुलीचं पाऊलच टाकता येत नाही.

९० दिवसांचा नियम खरा आहे, पण तो दाव्याला लागतो. दावा चालू असताना प्रतिवादी वारला तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २२, नियम ४ प्रमाणे तेवढ्या मुदतीत वारस आणावे लागतात. हुकूमनामा झाल्यावर तो वारला तर नियम १२ दरखास्तीला, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलासाठी केलेल्या अर्जाला, या तरतुदींतून वगळतो. दरखास्त त्या कारणाने संपुष्टात येत नाही. दरखास्तीची मुदत हुकूमनाम्यापासून १२ वर्षांचीच, आणि मृत्यूमुळे ती नव्याने मोजली जात नाही. म्हणून पहिलं काम म्हणजे मृत्यूच्या दाखल्यावरची आणि हुकूमनाम्यावरची तारीख शेजारी शेजारी ठेवून पाहणं. मृत्यू आधीचा निघाला आणि वारस रेकॉर्डवर नसतील तर तो हुकूमनामा मृत माणसाविरुद्धचा, म्हणजे निरर्थक. सुनावणी संपून निकाल राखून ठेवलेला असताना मृत्यू झाला असेल तर मात्र नियम ६ मुळे निकाल टिकतो.

दुसरा आक्षेप मान्य. माझं वाक्य ढिलं होतं. कलम ५० प्रमाणे वारस जबाबदार असतो तो मृताची जी मालमत्ता त्याच्या हाती आली आणि ज्याची त्याने रीतसर विल्हेवाट लावलेली नाही, तेवढ्यापुरताच. मुलाचा पगार त्यात येत नाही. पण बापाची गाडी विकून पैसे खर्च केले आणि हिशेब देता आला नाही, तर त्याच कलमाखाली तेवढ्या किमतीपुरती जबाबदारी त्याच्या अंगावर येते. मालमत्ता हाती आली हे आधी आपण दाखवायचं, मग हिशेब त्याने द्यायचा.

वारस कोण, यापेक्षा मागे काय राहिलं आणि ते आज कोणाच्या हाती आहे, हे आधी शोधा. आयुर्विम्याचे पैसे जप्त होत नाहीत, कलम ६० त्यांना संरक्षण देतं. नॉमिनीला मिळणारा भविष्य निर्वाह निधीही मृताच्या कर्जातून मोकळा असतो. बँकेतली ठेव मात्र नॉमिनीच्या नावे असली तरी ती मृताच्या इस्टेटीचीच, कारण नॉमिनी मालक होत नाही. ठेव असलेली शाखा कळली की तिच्यावर जप्तीचा आदेश मागा. पुष्कळ धनको हे विसरून घराच्या लिलावामागे वर्षं घालवतात.

आता गोव्याचं. तुमचा तिसरा आक्षेप चुकीचा आहे, पण त्यामागची शंका बरोबर आहे. वाटणी झालेली नसली तरी मृताचा हक्क जप्त करता येतो. इन्व्हेंटरी चालू असेल तर देण्यांच्या यादीत आपलं कर्ज नोंदवण्यासाठी तिथे अर्ज करा, पण त्यासाठी दरखास्त अडवून ठेवू नका. १२ वर्षं चालूच राहतात. खरी अडचण निम्म्या हिश्श्याची, आणि मूळ लेखात मी ती सोडली ही माझी चूक. लग्नाआधी वेगळा करार नसेल तर नवराबायकोची मालमत्ता सामाईक, आणि जिवंत जोडीदाराचा अर्धा हिस्सा हा वारसा नव्हे, तो तिचा स्वतःचाच. एक-चौदाच्या उताऱ्यावर (गोव्यातल्या जमिनीच्या नोंदीच्या उताऱ्यावर) एकट्या नवऱ्याचं नाव असलं तरी. हुकूमनामा फक्त नवऱ्याविरुद्ध असताना अख्खं घर जप्तीला लावलं तर बायको आदेश २१, नियम ५८ खाली हरकत घेते आणि प्रकरण तिथेच रुतून बसतं. कर्ज दोघांचं होतं असं म्हणायचं असेल तर तिला मूळ दाव्यातच पक्षकार करायला हवं होतं. दरखास्तीचं कोर्ट हुकूमनाम्याच्या मागे जात नाही, म्हणजे तो बरोबर की चूक हे पुन्हा तपासत नाही.

वारसांविरुद्ध अंमलाचा अर्ज हुकूमनामा देणाऱ्या कोर्टात करा. हुकूमनामा दुसऱ्या कोर्टाकडे पाठवलेला असेल तर कलम ४२ मुळे त्या कोर्टालाही वारसांविरुद्ध अंमल करण्याचा अधिकार आहे. सोबत हुकूमनाम्याची प्रमाणित प्रत, पंचायत किंवा पालिकेतला मृत्यूचा दाखला आणि वारसांची पूर्ण यादी जोडा. यादीत लग्न झालेल्या मुली आणि वारसांचे जोडीदारही घाला, सामाईक मालमत्तेमुळे त्यांचाही संबंध येतो. अज्ञान (अल्पवयीन) वारस असेल तर पालक नेमून घ्या. पोर्तुगालला किंवा लंडनला गेलेल्यांचे तिथले पत्ते आधीच गोळा करा, बजावणी तिथेच रखडते. व्याज आजपर्यंतचं मांडा: हुकूमनामा ४ लाखांचा आणि व्याज ६ टक्के असेल तर वर्षाला २४,००० रुपये, ५ वर्षांचे १,२०,०००.

वारसांविरुद्धच्या अंमलाला आदेश २१, नियम २२ ची नोटीस लागते, हुकूमनामा ६ महिन्यांपूर्वीचा असला तरी. ‘२ वर्षं झाली नाहीत, मग नोटीस कशाला’ हा गैरसमज सगळ्यात महाग पडतो, कारण नोटिशीविना झालेला लिलाव पुढे उलटवला जाऊ शकतो. जप्तीचा आदेश झाला की त्याची प्रत त्याच दिवशी सब-रजिस्ट्रारकडे द्या. जप्तीनंतर वारसाने केलेली विक्री तुमच्या हक्काविरुद्ध टिकत नाही, पण घेणाऱ्याला वेळीच कळलं तर पुढचा एक खटला वाचतो.