उशिरा आलेला कागद घ्यावा की नाकारावा : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. तुमची प्रतिक्रिया नीट वाचली. तुमचं म्हणणं थोडक्यात असं : उशिरा आलेले दस्तऐवज कोर्टाने शक्यतो घ्यावेत, हे माझं मत म्हणजे वेळेत कागद दाखल करणाऱ्याला शिक्षा आहे. तुमच्या दाव्यात वादी म्हणून तुमची उलटतपासणी संपल्यावर प्रतिवादीने कागदांची यादी आणली, अर्ज मंजूर झाला आणि दावा पुन्हा रखडला. तुम्ही विचारता, मग मुदती ठेवल्यात कशाला?

तुमचा संताप रास्त आहे. तरीही मी मत बदललेलं नाही.

वादीने आपले कागद वादपत्रासोबत द्यायचे, प्रतिवादीने कैफियतीसोबत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरासोबत. दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश ७ नियम १४ आणि आदेश ८ नियम १अ हेच सांगतात. पण त्याच नियमांत पुढे आहे की राहून गेलेला कागद कोर्टाच्या परवानगीशिवाय पुराव्यात घेता येणार नाही. म्हणजे परवानगीची वाट कायद्यानेच ठेवली आहे. १ जुलै २००२ पासून लागू झालेल्या दुरुस्त्यांनी दाव्यांच्या मुदती आवळल्या, तेव्हाही ती बंद केली नाही. सुगंधी विरुद्ध पी. राजकुमार या २०२० च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की समोरच्याचं गंभीर नुकसान होत नसेल, तर तांत्रिक चुकीपेक्षा न्यायाकडे झुकावं. व्यापारी दाव्यांत मात्र नियम जास्त कडक आहेत, तिथे वेळेत कागद न देण्याचं सबळ कारण दाखवावंच लागतं.

नकार दिला की दावा लवकर संपतो, असं तुम्ही गृहीत धरलंय. तसं घडत नाही. नाकारलेल्या कागदासाठी संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयात याचिका होते आणि तिथे स्थगिती मिळाली की खालचा दावा जागच्या जागी थांबतो. याचिका झाली नाही तरी निकालानंतर अपिलात जादा पुरावा देण्यासाठी त्याच संहितेचा आदेश ४१ नियम २७ आहेच. घ्यायला हवा होता तो पुरावा खालच्या कोर्टाने नाकारला, हे तिथे स्वतंत्र कारण ठरतं. म्हणजे जिंकलेला दावाही पुन्हा त्याच कागदापाशी येऊन अडू शकतो.

तुमची खरी तक्रार मला वेगळी वाटते आणि ती मला पूर्ण मान्य आहे. अर्जात एकच साचेबंद वाक्य असतं : "सदरचे दस्तऐवज नजरचुकीने दाखल करावयाचे राहून गेले, ते न्यायनिर्णयासाठी आवश्यक आहेत." कागद कुठे होता, कधी सापडला, आधी का शोधला नाही, याबद्दल अक्षर नाही. त्यावर समोरच्याला द्यायचा किरकोळ खर्च बसवून अर्ज मंजूर होतो. हे थांबायलाच हवं. दुय्यम निबंधकाकडून मिळालेली खरेदीखताची प्रमाणित प्रत आणि वादीची उलटतपासणी झाल्यावर अचानक उगवलेली, दोन्ही साक्षीदार मयत असलेली इसारपावती यांना एकाच मापाने मोजू नये. पहिलीची नोंद सरकारी दप्तरात आहे, ती मागाहून बनवता येत नाही. दुसरीच्या बाबतीत उशीर हाच संशयाचा मुद्दा आहे आणि तिथे कोर्टाने कारण खोदून विचारावं, पटलं नाही तर अर्ज फेटाळावा. असा अर्ज फेटाळला गेला तर मला अजिबात वाईट वाटणार नाही.

तुमच्या दाव्यात अजून बरंच हातात आहे. कागद रेकॉर्डवर आला म्हणजे शाबीत झाला नाही. प्रतिवादीला तो साक्षीदारामार्फत सिद्ध करावा लागेल आणि त्याची उलटतपासणी तुमचे वकील घेतील. त्या कागदाला उत्तर देणारे तुमचे कागद आणि फेरसाक्ष यांची परवानगी लगेच मागा. प्रतिवादीला सवलत दिल्यावर तुम्हाला नाकारणं कोर्टाला अवघड जाईल. खर्च बसवला असेल तर संहितेचं कलम ३५ब (दावा लांबवल्याबद्दलचा खर्च) पाहून घ्या. त्याखालचा खर्च भरल्याशिवाय त्या पक्षाला पुढे काम चालवता येत नाही. मुद्रांक शुल्क कमी असेल किंवा अस्सलऐवजी नुसती झेरॉक्स असेल, तर हरकत कागदावर निशाणी पडण्याआधीच, म्हणजे तो पुरावा म्हणून क्रमांक देऊन स्वीकारला जाण्याआधीच, लेखी नोंदवून घ्या. मुद्रांकाची हरकत तेव्हा राहून गेली, तर पुढे त्याच दाव्यात ती सहसा उचलता येत नाही. पुढच्या तारखेआधी वकिलांशी एवढं बोलून घ्या.