‘एम15 जिंकला की तेरा लाख’ म्हणणाऱ्या मेसेजला उत्तर

‘मुलाला तेराव्या वर्षी शाळेतून काढा आणि आयटीएफ सर्किटला लावा. एक एम15 स्पर्धा जिंकली की 15,000 डॉलर, म्हणजे तेरा लाख! राहण्याखाण्याचा खर्च आयोजकांचा. दोन वर्षांत टॉप 100. नाहीच जमलं, तर रँकिंगवर सरकारी नोकरी.’ टेनिसच्या पालकांच्या ग्रुपवर फिरणारा हा मेसेज वाचून माझा मावसभाऊ मुलाचा शाळा सोडल्याचा दाखला काढायला निघालाय. म्हणून हे लिहितोय. एम15 ही आयटीएफच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय टेनिस महासंघाच्या, पुरुषांच्या व्यावसायिक स्पर्धांतली सगळ्यात खालची पायरी, आणि टॉप 100 म्हणजे जागतिक क्रमवारीतले पहिले शंभर.

आधी ते तेरा लाख. 15,000 डॉलर ही अख्ख्या स्पर्धेची बक्षीस रक्कम आहे, एकेरी-दुहेरीच्या सगळ्या फेऱ्या धरून. एकेरीच्या विजेत्याला त्यातले 2,160 डॉलर मिळतात, उपविजेत्याला 1,272 आणि पहिल्या फेरीत हरणाऱ्याला 156. दुहेरी जिंकणाऱ्या जोडीला 930, तेही दोघांत वाटून. म्हणजे सलग पाच सामने जिंकून हातात दोन लाखसुद्धा नाहीत, आणि त्यातूनही बहुतेक ठिकाणी कर कापला जातो. शिवाय नवखा मुलगा 32 जणांच्या मुख्य ड्रॉमध्ये सहसा थेट जात नाही. त्याला पात्रता फेरी खेळावी लागते. तिथून वर जायला 8 जागा असतात, आणि तिथे हरला तर एक पैसा मिळत नाही.

‘खर्च आयोजकांचा’ हे तर सगळ्यात घातक, कारण लोक यावर विसंबून एफडी मोडतात. एम15ला हॉटेल, जेवण, टॅक्सी, सगळं खेळाडूच्या खिशातून जातं. स्पर्धेच्या नावापुढे ‘+एच’ असेल तर राहण्याची सोय होते आणि एम15च्या वरच्या पायरीवरच्या चॅलेंजर स्पर्धांत खोली मिळते, एवढं अर्धसत्य मान्य. पण चॅलेंजरमध्ये शिरायलाच आधी रँकिंग लागतं. कधी हरणार हे माहीत नसल्यामुळे परतीचं तिकीट आधी काढता येत नाही, आणि ऐनवेळी काढलेलं महाग पडतं. मोनास्तिर (ट्युनिशिया), अंताल्या (तुर्की), शर्म अल-शेख (इजिप्त) अशा ठिकाणी आठवड्यामागून आठवडे एम15 चालतात. विमानभाडं वाचावं म्हणून खेळाडू तिथेच मुक्काम ठोकतात, पण रिसॉर्टचं बिल त्यांचंच. त्यात गटिंग, म्हणजे रॅकेटला तार बसवणं. पॉलिएस्टरची तार काही तासांत ताण सोडते. मग नेहमीच्याच फटक्याला चेंडू बेसलाइनच्या, म्हणजे कोर्टाच्या मागच्या रेषेच्या, बाहेर जायला लागतो आणि मुलगा हात आखडून खेळतो. म्हणून प्रत्येक सामन्याला एक-दोन रॅकेट ताज्या गटिंगच्या लागतात आणि दर वेळी पैसे मोजावे लागतात. कोच बरोबर नेला तर तिकीट आणि खोली दुप्पट.

खुद्द आयटीएफने 2013 सालचा हिशोब मांडला होता. वर्षभर खेळायचा सरासरी खर्च पुरुषांना 38,800 डॉलर आणि महिलांना 40,180, कोच न धरता. खर्च आणि बक्षिसाची तोंडमिळवणी पुरुषांत 336व्या क्रमांकाला होत होती, महिलांत 253व्या. त्या वर्षी खेळलेल्या सुमारे 14,000 जणांपैकी जवळपास निम्म्यांनी एक डॉलरही कमावला नव्हता. तेव्हापासून विमानं आणि हॉटेलं स्वस्त झालेली नाहीत. 2023मध्ये, भारताचा नंबर एक असताना, सुमित नागलने बँकेत 900 युरो उरल्याचं सांगितलं होतं.

दोन वर्षांत टॉप 100? एम15च्या विजेत्याला 15 गुण मिळतात, पहिली फेरी जिंकणाऱ्याला 1. गुण 52 आठवड्यांनी गळतात आणि एकेरीच्या रँकिंगला फार तर 18-19 निकाल धरले जातात. अगदी एकोणीस निकाल धरले आणि त्या सगळ्या एम15 जिंकल्या तरी 285 गुण. टॉप 100ला साधारण 600 लागतात. नुसत्या एम15 खेळून तिथे पोचणं गणितातच बसत नाही.

नोकरीचं थोडक्यात. खेळाडूंचा कोटा आहे, पण तो मुख्यतः देशाचं, राज्याचं, विद्यापीठाचं किंवा राज्याच्या शालेय संघाचं प्रतिनिधित्व केलेल्यांसाठी. एम15 खेळाडू स्वतःच्या नावावर खेळतो.

आता शाळा. ज्या सर्किटसाठी शाळा सोडायला सांगताहेत, तिथे तेरा वर्षांच्या मुलाला प्रवेशच नाही! चौदाव्या वर्षी मुलांना वर्षाला 8 स्पर्धांची मर्यादा आहे, पंधराव्या वर्षी 12. आठ स्पर्धांसाठी शाळा कसली सोडताय? तेराव्या वर्षी आयटीएफच्या ज्युनियर स्पर्धा खेळता येतात, आणि पुणे, सोलापूर, नवी मुंबईत मोठ्यांच्या आंतरराष्ट्रीय स्पर्धा होतात, त्या जवळून बघता येतात. शिक्षण थांबलं की अमेरिकन कॉलेज टेनिसची वाट मात्र बंद होते, कारण एनसीएए ही तिथली कॉलेज खेळांची संघटना पात्रतेला शालेय विषय आणि गुण तपासते. सोमदेव देववर्मन व्हर्जिनिया विद्यापीठाकडून 2007 आणि 2008मध्ये एनसीएए एकेरीचा विजेता ठरला आणि मग व्यावसायिक टेनिसमध्ये उतरला. कॉलेज टेनिसमध्ये कोच, कोर्ट, फिजिओ आणि प्रवास विद्यापीठाचा असतो, आणि चांगल्या खेळाडूला शिष्यवृत्तीही मिळते. त्यासाठी दहावी-बारावी व्हावी लागते.